पावणेतेरा तासांचा हिशेब



या व्यासपीठावर आपण साहित्य आणि तत्त्वज्ञान ऐकता. मी आज दशांशाच्या गुणाकार-भागाकाराविषयी बोलणार आहे. शाळेतले शाब्दिक उदाहरण चुकले तर गुण जातात. कारखान्यातले चुकले तर मजुरी जाते. म्हणून हा विषय मला कामगार चळवळीचाच वाटतो.

एक कामगार पगाराची चिठ्ठी घेऊन माझ्याकडे आला. रोज ६२० रुपये, दिवस आठ तासांचा. महिन्यातले जादा काम १२ तास ४५ मिनिटे. जादा कामाला दुप्पट दर, हा हक्क १९४८ च्या कारखाने कायद्यात आला. तर त्याला किती मिळावे?

आकडे दिसले की लगेच गुणू नये. आधी विचारावे, मला काय माहीत आहे आणि काय हवे आहे? आठ तासांचे माहीत आहे, एका तासाचे हवे, म्हणून भागाकार. ६२० भागिले ८, म्हणजे ७७.५० रुपये. त्याची दुप्पट १५५. आता एका तासाचे माहीत आहे, सर्व तासांचे हवे, म्हणून गुणाकार.

चिठ्ठीवर १५५ गुणिले १२.४५, म्हणजे १९२९.७५ रुपये लिहिले होते. गुणाकार अगदी बरोबर होता, आणि तरीही हिशेब चुकला होता! कारण ४५ मिनिटे म्हणजे तासाचे शंभरांतले ४५ भाग नव्हेत. तास साठ मिनिटांचा. ४५ भागिले ६० म्हणजे ०.७५. रुपयाचे १ एप्रिल १९५७ पासून शंभर पैसे झाले, घड्याळ मात्र साठावरच राहिले.

गंमत अशी, की आपली मराठी येथे चुकत नाही. पावकी, निमकी, पाऊणकी पाठ केलेला म्हातारा याला ‘पावणेतेरा तास’ म्हणेल आणि तोंडी हिशेब करील: तेरा तासांचे २०१५, त्यातून पाव तासाचे ३८.७५ वजा, राहिले १९७६.२५. म्हणजे ४६.५० रुपये कमी मिळाले होते. दोनशे कामगारांची अशीच चूक झाली, तर महिन्याला ९,३०० रुपये होतात.

ताळा भागाकाराने करावा. १९२९.७५ भागिले १५५ म्हणजे १२.४५ तास, ०.४५ ला साठाने गुणले की २७ मिनिटे. म्हणजे १२ तास २७ मिनिटांचाच मोबदला मिळाला. अठरा मिनिटांचा घाम फुकट गेला.

कारकुनाने लबाडी केली नव्हती. त्याने घड्याळातला ठिपका यंत्रात जसाच्या तसा घातला आणि यंत्राने निमूटपणे गुणले. यंत्र गुणाकार करते. काय गुणायचे हे माणसालाच ठरवावे लागते. कागद पुढे ठेवल्यावर त्याने चूक मान्य केली. त्या दिवशी घोषणा द्यावी लागली नाही.

तेव्हा माझी विनंती एवढीच, की घरी गेल्यावर आपली पगाराची चिठ्ठी काढा आणि मुलांना शेजारी बसवून एकदा ताळा करून पाहा. हक्क कायद्यात लिहिलेला असतो, पण तो पदरात पडला की नाही, हे शेवटी हिशेबानेच कळते.