सात जणींचा मोर्चा आणि त्यानंतर

१८ एप्रिल १९६६ रोजी मुंबईत सात मुस्लिम स्त्रिया विधानसभेवर मोर्चा घेऊन गेल्या. संख्येनं अवघ्या सात. पण तोंडी तलाक आणि बहुपत्नीत्व बंद करा, हे त्यांनी भर रस्त्यात सांगितलं. घरी परतल्यावर काय ऐकावं लागेल, याची कल्पना असूनही! मोर्चामागे होते चिपळूणजवळच्या मिरजोळीचे हमीद दलवाई. १९७० साली त्यांनी पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केलं. १९७७ मध्ये ते गेले, तरी पत्नी मेहरुन्निसा यांनी काम सोडलं नाही. जून २०१७ मध्ये त्यांचंही निधन झालं आणि ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानं तिहेरी तलाक रद्दबातल ठरवला. तो दिवस त्यांना पाहता आला नाही, याची चुटपुट लागून राहते.

दरम्यान हाजी अली दर्ग्यात स्त्रियांना मजारीजवळ जायला बंदी झाली होती. भारतीय मुस्लिम महिला आंदोलनानं दाद मागितली आणि २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं ती बंदी उठवली. याच संघटनेनं स्त्रियांसाठी काझीपदाचं शिक्षणही सुरू केलं. वधूला द्यायचा मेहेर किती, निकाहनाम्यात अटी कोणत्या, हे आता बाईही विचारते आहे.