संवादांच्या पलीकडचे तेंडुलकर



सिनेमाचा लेखक म्हणजे संवाद लिहिणारा, असा आपल्याकडे पक्का समज आहे. विजय तेंडुलकरांची कारकीर्द पाहिली की तो टिकत नाही. ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ आणि ‘सखाराम बाइंडर’ लिहिणाऱ्या या माणसाइतकी संवादांवर हुकमत फार थोड्यांची. पण त्यांना पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 1976 च्या ‘मंथन’साठी, आणि त्याचे संवाद कैफी आझमींचे आहेत. ‘आक्रोश’चे (1980) संवाद सत्यदेव दुबेंचे, ‘अर्धसत्य’चे (1983) वसंत देवांचे. मग तेंडुलकरांनी लिहिलं काय?

‘आक्रोश’ नीट पाहा. लहान्या भिकू या आदिवासी तरुणावर बायकोच्या खुनाचा आरोप आहे. सरकारनं दिलेला वकील पुन्हा पुन्हा विचारतो आणि लहान्या तोंडातून चकार शब्द काढत नाही. श्रेय ओम पुरींच्या डोळ्यांचं आणि गोविंद निहलानींच्या दिग्दर्शनाचं आहे, असं कुणी म्हणेल. ते आहेच, त्यात वाद नाही. पण लहान्या पहिल्याच भेटीत बोलला असता तर वकिलाला शोधायला काही उरलंच नसतं. तो गप्प राहतो म्हणून वकिलाला गावात फिरावं लागतं, आणि त्याच्यामागोमाग आपल्यालाही कळत जातं की बोलून न्याय मिळेल हा विश्वासच या माणसात उरलेला नाही. सगळी कथा ज्या मौनावर उभी आहे, ते नटाच्या चेहऱ्यावर येण्याआधी कागदावर यावं लागतं. पटकथा म्हणजे नेमकं हेच: काय दाखवायचं, केव्हा, आणि कुणाला गप्प ठेवायचं.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. तेंडुलकरांच्या पटकथांपैकी ‘सिंहासन’ (1979) अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांवर बेतलेला, ‘अर्धसत्य’ श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या कथेवर. गोष्ट दुसऱ्याची, संवादही कधी दुसऱ्याचे, मग याला लेखक कसं म्हणायचं? माझं उत्तर असं की कादंबरीकार पात्राच्या मनात थेट शिरू शकतो, कॅमेऱ्याला ती सोय नाही. मनातली घालमेल त्याला कृतीतूनच दाखवावी लागते, आणि ती कृती शोधणं हे अस्सल लेखकाचं काम आहे. जगभर ते मानानं केलं जातं. फ्रान्सचे ज्याँ-क्लोद कारिएर यांनी दिग्दर्शक बुन्युएलचे चित्रपट लिहिले, रंगदिग्दर्शक पीटर ब्रूकसाठी आपलं महाभारत रंगमंचावर आणलं. महाभारत त्यांचं नव्हतं, तरी त्या नाटकाचे लेखक तेच.

म्हणून आपल्या प्राचार्यांना एक विनंती आहे. आपल्या संमेलनात निबंधस्पर्धा असते, वक्तृत्व असतं. पुढच्या वर्षी दहा मिनिटांच्या पटकथेची स्पर्धाही ठेवा. विषय आपल्या गावातच आहे. 1724 मध्ये इथं निजाम-उल-मुल्क आणि मुबारिझखान यांची लढाई झाली, मुबारिझखान पडला आणि निजामाचं राज्य पक्कं झालं. मुलांनी ती लिहावी. पहिलं दृश्य कुणाचं, हे त्यांनाच ठरवू द्या.