चुकण्याचें भय
(महोत्सवप्रसंगीं आईबापांपुढें केलेलें भाषण)



बुद्धिमान मूल हें देवाचें देणें होय. परंतु त्या मुलाला आपली लहानशी चूकही सोसवेनाशी झाली, म्हणजे साऱ्या घराची शांति ढळते. अक्षर बिघडलें म्हणून तें वहीचें पान फाडतें, जेवणावर रुसतें, आणि घरचीं माणसें दबकत बोलूं लागतात. ह्याला आपण कौतुकानें काटेकोरपणा म्हणतों. पुष्कळदां तें भय असतें.

लिझ्यूच्या संत तेरेजेचें बालपण आठवा. ती चार वर्षांची असतां, १८७७ सालीं, तिची आई वारली. पुढें मठाच्या शाळेंत ती आपल्याहून मोठ्या मुलींच्या वर्गांत बसे व बहुधा पहिली येई. १८८५ च्या मे महिन्यांत तिच्या मनांत पापशंकेनें ठाण मांडलें. साधा विचार, साधी कृति, सारें तिला पाप वाटे. डोकेदुखीनें शाळा सुटली. ती रडे, आणि मग रडल्याबद्दल पुन्हा रडे.

हा भार थोरल्या बहिणीनें, मारीनें, उचलला. ती रोज त्या शंका ऐकून घेई. कुमसाराच्या आधीं मात्र, ह्यांतील दोनतीनच गोष्टी सांग, बाकीचा भार माझ्यावर, असें ती तिला बजावी. शंकांना तिनें कान दिला; घराचें राज्य दिलें नाहीं.

१८८६ च्या ऑक्टोबरांत मारीही मठांत गेली. तेव्हां तेरेजेनें बालपणींच वारलेल्या आपल्या चार भावंडांची प्रार्थना केली व तिला शांति लाभली. त्याच वर्षीं नाताळच्या रात्रीं थकलेल्या वडिलांचा एक त्रासिक शब्द तिच्या कानीं पडला. तिनें डोळे पुसले, आणि हंसतमुखानें त्यांच्याजवळ येऊन आपल्या भेटी उघडल्या. पडणाऱ्या लेंकरानें पित्याच्या प्रेमावर भिस्त ठेवावी, हें पुढें तिनेंच जगाला शिकविलें. २०१५ सालीं तिच्या आईबापांनाही संतपद मिळालें. त्या घरांतही अश्रु होते, हें विसरूं नका.

मींही आजवर पहिल्या आलेल्या मुलांनाच उंच स्वरानें शाबासकी दिली. त्यांतील किती जण रात्रीं भयानें जागत असतील, हें मीं कधीं विचारलें नाहीं. ही माझी चूक आज तुमच्यासमोर कबूल करतों.

आईबापांनो, तुम्हीही आपली चूक मुलांसमोर कबूल करीत जा. पहिल्या नंबराचें कौतुक जरूर करा. पण मूल चुकून घरीं येईल, त्या दिवशीं त्याला नेहमीच्याच मायेनें जवळ बसवून जेवूं घाला. भय फारच वाढलें, तर डॉक्टरांचा सल्ला घेण्यांत कमीपणा मानूं नका. प्रभु तुमच्या घरांस शांति देवो.