वाजवून घेतलेली काच

आज पदवी घेणाऱ्या मुलामुलींनो,

मराठीतून बोललो तर चालेल का, असं मी विचारलं आणि तुम्ही आनंदाने हो म्हणालात. इथल्या, भिलाईच्या पोलाद कारखान्याचा करार 1955 साली झाला, तेव्हा या मुलखाची राजधानी नागपूर होती. या गावाला माझी भाषा जुनी ओळखीची आहे.

माझ्यासमोर काचेचे दोन पेले आहेत, एकाच डझनातले. पहिल्याला टिचकी मारतो. ऐका. आवाज कसा लांबत गेला, माइक नसता तरी पहिल्या रांगेपर्यंत पोचला असता. आता दुसरा. बद्द. दिसायला दोघांत फरक नाही. दुसऱ्याच्या बुडाशी नखाएवढी चीर आहे, उजेडात तिरका धरला तरच दिसते. टिचकी मारली की सगळा पेला थरथरतो, ती थरथर चिरेशी येते, तिथल्या दोन कडा एकमेकींवर घासतात आणि आवाजाचं बळ जागच्या जागी जिरतं. आमच्या घरी ओगलेवाडीचा प्रभाकर कंदील होता. त्याची काच राखेने घासून झाली की आजी ती कानाजवळ धरून नखाने वाजवायची आणि मगच कंदिलात बसवायची. माठही तसाच वाजवून घ्यायची. तिला शाळा माहीत नव्हती, पण तपासणी पक्की माहीत होती.

मराठी माणसाचा काचेशी संबंध याच्याही मागचा आहे. अंताजी दामोदर काळे यांनी स्वदेशी उद्योगासाठी लोकांकडून एकेक पैसा गोळा केला, लोकमान्य टिळक त्यांच्या पाठीशी उभे राहिले आणि 1908 साली तळेगाव दाभाड्याला पैसा फंडाचा काच कारखाना सुरू झाला. काच निववायची घाई केली की ती आतून ताणलेली राहते आणि कधीतरी, कुणी हात न लावताही, तडकते. त्या कारखान्यात शिकायला आलेल्या पोरांना हे आधी हातांनी कळलं असणार, पुस्तकात नंतर.

माझी नात गोष्टी लिहिते. तिच्या एका गोष्टीतल्या राज्यात काच फुंकत नाहीत. तिथे एक यंत्र आहे, त्याच्यापुढे गायचं. षड्ज लावला की पेला तयार होतो, पंचम लावला की सुरई. तिने मला विचारलं, ‘आजोबा, असं यंत्र असतं का हो?’ मी तेव्हा हसून विषय बदलला. ती माझी चूक झाली, कारण असं यंत्र असतं. एक नव्हे, तीन सांगतो.

काचेला चौकोनी भोक पाडायचं असेल तर फिरणारा ड्रिल उपयोगाचा नाही. तिथे पोलादाचं एक हत्यार सेकंदाला 20,000 वेळा वरखाली थरथरवतात. ही थरथर केसाच्या जाडीहूनही थोडी. हत्यार आणि काच यांच्यामध्ये बोरॉन कार्बाइडचे बारीक कण पाण्यात कालवून सोडलेले असतात. हत्यार फक्त कणांना ठोकतं आणि कण काच कोरतात. आवाज इतका उंच की कानाला जवळजवळ ऐकूच येत नाही, आणि काच मात्र हवा तो आकार घेते. दुसरं यंत्र वितळलेल्या काचेचा थेंब ध्वनीच्या लाटांवर हवेत तरंगत ठेवतं. 1980च्या दशकात नासाने हे अवकाशयानातही करून पाहिलं. थेंबाला भांडं लागत नाही, म्हणून भांड्याच्या भिंतीपासून स्फटिक धरायला सुरुवात होत नाही आणि एरवी काच न होणारे पदार्थही काच होऊन गोठतात.

तिसऱ्यावर माझा सर्वांत जास्त जीव आहे, कारण त्याचं गणित बंगळुरूला मांडलं गेलं. व्हायोलिन आणि मृदंगाच्या नादावर संशोधन केलेल्या सी. व्ही. रामन यांनी एन. एस. नागेंद्र नाथ यांच्यासोबत 1935-36 साली दाखवून दिलं, की पारदर्शक माध्यमातून ध्वनीची लाट जाते तेव्हा प्रकाशाला ते माध्यम जाळीसारखं भासतं आणि किरण वळतो. आज हे तत्त्व काचेच्या छोट्या ठोकळ्यात बसवलेलं असतं. ठोकळ्याला चिकटवलेला स्फटिक सेकंदाला 8 कोटी कंपनं करतो, तेव्हा काचेत दाट आणि विरळ पट्टे उमटतात, एकमेकांपासून साधारण 75 मायक्रोमीटरवर. लेसरचा किरण वळतो. कंपन थांबवा, पट्टे गेले, पुन्हा साधी काच. आवाज चालू आहे तोवरच ती वस्तू अस्तित्वात आहे. नातीच्या राज्यातल्या यंत्राने याहून वेगळं काय केलं असतं?

आता माझ्या धंद्यातलं. मी आयुष्यभर धातू ऐकले. या गावात 130 मीटरचा अखंड रूळ लाटला जातो आणि असे दोन जोडून 260 मीटरचा केला जातो, हे तुम्ही लहानपणापासून ऐकत आला आहात. एवढ्या लोखंडाच्या पोटात काय आहे हे डोळ्याला दिसत नाही, ते ध्वनीलाच विचारावं लागतं. रुळाची उंची 172 मिलिमीटर, पोलादात ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे 5,900 मीटर. वरून सोडलेला आवाज तळाला आपटून 58 मायक्रोसेकंदांत परत येतो. त्याआधी आला, तर वाटेत त्याला काहीतरी आडवं आलं.

नोकरीच्या पहिल्या वर्षी एका कारखान्यात एक जाड दांडा तपासताना मला असाच लवकर आलेला प्रतिध्वनी स्क्रीनवर दिसला. बारीक, जेमतेम दिसणारा. ध्वनी सोडणाऱ्या प्रोबखाली ग्रीस कमी पडलं असेल असं मी मनाशी ठरवलं आणि कागदावर ‘ठीक’ लिहिलं. पाळी संपत आली होती. माझ्या वरच्या उस्तादांनी कागद वाचला, काही न बोलता पृष्ठभाग पुसला, नव्याने ग्रीस लावलं आणि प्रोब त्याच जागी ठेवला. प्रतिध्वनी तिथेच होता. दांडा कापला, आत चीर होती, माझ्या करंगळीच्या लांबीची. ते मला रागावले नाहीत. ‘तुला ऐकू आलं होतं ना?’ एवढंच विचारलं. चाळीस वर्षं झाली, तो प्रश्न मी रोज सोबत घेऊन कामावर गेलो.

तुमच्यापैकी पुष्कळ जण असं काम करतील जिथे संगणक निकाल सांगेल. निकाल वाचा, पण त्याच्या मागचा मूळ संकेत पडद्यावर काढून पाहायची मागणीही करा. तो हक्क आजच्या पदवीने तुम्हाला दिला आहे आणि तो मागायला कुणाला लाजू नका. नव्या माणसाला पाळी संपताना घाई होते, आणि त्या वेळी शेजारी उभं राहणारा उस्ताद प्रत्येकाला मिळतोच असं नाही.

हा चिरलेला पेला मी परत नेणार आहे, नातीसाठी. तिच्या राज्यात अशा पेल्याचं काय करतात ते तिने अजून लिहिलेलं नाही. चांगला पेला इथेच टेबलावर ठेवतो. कार्यक्रम संपला की एकेक जण पुढे या, टिचकी मारा आणि आवाज पूर्ण विरेपर्यंत जागचे हलू नका.