वर्गाबाहेरचे मास्तर : प्रा. एन. डी. पाटील



वसंत व्याख्यानमालेच्या या व्यासपीठावर विद्वान मंडळी बोलतात. आम्ही कारखान्याच्या फाटकावर बोलणारी माणसे. आमची शाळा लवकर सुटली. पुढे जे काही शिकलो ते युनियनच्या कचेरीत, कायद्याची जुनी पुस्तके चाळून. म्हणून आज आम्ही अशा एका मास्तरांविषयी बोलणार आहो, की ज्यांनी वर्ग सोडला, पण शिकवणे सोडले नाही. ते म्हणजे प्रा. नारायण ज्ञानदेव पाटील. महाराष्ट्र त्यांना एन. डी. म्हणूनच ओळखतो.

सांगली जिल्ह्यातील ढवळी या गावी १५ जुलै १९२९ रोजी त्यांचा जन्म झाला. अर्थशास्त्र हा त्यांचा विषय. १९५४ ते १९५७ ही वर्षे त्यांनी साताऱ्याच्या छत्रपती शिवाजी कॉलेजात शिकवले. हे कॉलेज कर्मवीर भाऊराव पाटलांच्या रयत शिक्षण संस्थेचे. तेथे ‘कमवा आणि शिका’ योजनेची जबाबदारी एन. डीं.वर होती. विद्यार्थ्याने अंग मोडून काम करावे आणि त्याच हाताने पुस्तक उघडावे, अशी ती रीत. राबणाऱ्याला बुद्धीचे कामही जमते, हा तिचा साधा सिद्धान्त. आणि तो एन. डीं.ना जन्मभर पुरला, असे आमचे मत आहे.

शेतकरी कामगार पक्षात ते १९४८ सालीच आले होते. १९५७ साली साताऱ्याचे काम सोडून ते मुंबईत गिरणी कामगार युनियनचे सेक्रेटरी झाले. १९६० ते १९८२ या काळात एकूण अठरा वर्षे ते विधान परिषदेत होते. १९७८ ते १९८० सहकारमंत्री, १९८५ ते १९९० कोल्हापूरचे आमदार. मुख्यमंत्री झालेले शरद पवार नात्याने त्यांचे मेहुणे; परंतु एन्रॉनचा प्रश्न असो की शेतजमिनीचा, एन. डीं.नी नात्यासाठी आपली बाजू बदलली नाही.

आता आपल्या दारची गोष्ट. पनवेल-उरणला जमिनीचे दुःख नवे नाही. जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालील लढ्यात जासई परिसरातील शेतकऱ्यांनी गोळ्या झेलल्या. पुढे २००६ च्या सुमारास पनवेल, उरण व पेण या तालुक्यांतील गावांवर महामुंबई सेझचे संकट आले. एन. डीं.चे वय तेव्हा ऐंशीच्या घरात. तरी या लढ्याच्या अग्रभागी ते उभे राहिले. शेतकऱ्यांचे म्हणणे सरकारला ऐकावे लागले आणि २१ सप्टेंबर २००८ रोजी पेण तालुक्यातील २२ गावांत मतपत्रिकेवर त्यांचा कौल घेण्यात आला. जाहीरनाम्यापासून दोन वर्षांत निवाडा झाला नाही तर संपादन रद्द होते, अशी तरतूद १८९४ च्या भूसंपादन कायद्यात १९८४ साली घालण्यात आली होती. शेतकरी हटले नाहीत, २००९ साली मुदत संपली आणि संपादन बारगळले. लोकांच्या निर्धाराला कायद्याचे कलम असे उपयोगी पडले.

कोणी विचारील, यातून पक्ष वाढला काय? नाही वाढला. मंत्रिपदही दोन वर्षांच्या आतच संपले. निवडणुकीच्या तराजूत तोलले तर हे पारडे हलकेच भरेल. पण नोटीस हाती पडताच हातपाय गाळणारा शेतकरी कलम कोणते, मुदत किती, असे विचारू लागला, तर ती कमाई कोणत्या तराजूत घालावयाची?

१७ जानेवारी २०२२ रोजी कोल्हापूर येथे एन. डी. गेले. इकडे २९ कामगार कायद्यांच्या जागी संसदेने २०१९ आणि २०२० साली चार संहिता मंजूर केल्या. तळोजा-रसायनीच्या कंत्राटी कामगाराला त्या मराठीत, त्याच्या पगारपत्रकाशी ताडून, कोणी समजावून द्यावयाच्या? या सभागृहात आज अनेक शिक्षक बसले आहेत, निवृत्त शिक्षकही आहेत. आठवड्यातून एक संध्याकाळ त्यांनी आम्हांला द्यावी. कचेरीत सतरंजी आम्ही अंथरू, कामगारही आम्ही गोळा करू. तेवढेच मागण्यासाठी आम्ही येथे आलो होतो.