हाड मोडलं, पण कशामुळे?

(स्नेहमेळाव्यातील 'माझं काम' या सत्रात केलेलं भाषण)

व्यासपीठावरचे आपले सर, बाई, आणि १९८४च्या दहावीतल्या माझ्या मित्रमैत्रिणींनो,

आपण पोटापाण्यासाठी काय करतो ते प्रत्येकाने पंधरा मिनिटांत सांगायचं, असं संयोजकांनी ठरवलं. बँकेतल्यांना, शेती करणाऱ्यांना, एसटीतल्यांना हे सोपं गेलं. मी 'मेडिकल कोडर आहे' असं म्हणाले की निम्मे लोक मला कॉम्प्युटर इंजिनिअर समजतात आणि उरलेले गुडघेदुखीवरचं औषध विचारतात. मी दोन्ही नाही. बीएस्सी झाले, लग्न झालं, मुलं मोठी झाली, आणि पंचेचाळिशीत पुण्यात कोर्स करून, परीक्षा देऊन हे काम धरलं.

काम असं. अमेरिकेतला डॉक्टर रुग्णाला तपासून जे लिहितो, ते मी पुण्यात बसून वाचते आणि त्यातल्या प्रत्येक आजाराला, दुखापतीला ठरलेला कोड लावते. त्या कोडवर तिकडची विमा कंपनी बिल मंजूर करते आणि कुठल्या आजाराचे किती रुग्ण, हे मोजलं जातं तेही त्यावरूनच. या याद्यांचं मूळ १८९३ सालच्या एका यादीत आहे. झाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने मृत्यूच्या कारणांची ती यादी केली होती. पुढे ती जागतिक आरोग्य संघटनेकडे गेली आणि तिची दहावी आवृत्ती म्हणजे आयसीडी-१०. अमेरिकेने तिचा स्वतःसाठी विस्तार केला आणि १ ऑक्टोबर २०१५पासून तो लागू झाला. मी या धंद्यात नवीन होते तेव्हाच जुने चौदा हजारांच्या आसपासचे कोड जाऊन सत्तर हजारांच्या घरातले नवे आले. त्यामुळे जुन्याजाणत्यांना आणि मला एकाच वर्गात बसावं लागलं, हा माझा फायदाच झाला. त्या यादीत मकाव पोपट चावला तर एक कोड आहे आणि त्याच पोपटाने धडक दिली तर दुसरा. हसू नका, खरं आहे.

पण आज मला पोपटाबद्दल नाही, खांद्याबद्दल बोलायचं आहे. कारण आपण सगळे आता पंचावन्नच्या पुढे आहोत.

खऱ्या रुग्णाची गोष्ट मी सांगू शकत नाही, कायद्याने बंदी आहे. म्हणून एक रचते. समजा, ओहायोतली चौऱ्याहत्तर वर्षांची बाई. स्वयंपाकघरात गालिच्याच्या काठाला पाय अडकून उजव्या कुशीवर पडली. इमर्जन्सीतल्या डॉक्टरने एक्स-रे काढला आणि लिहिलं: पडल्यामुळे उजव्या दंडाच्या हाडाला वरच्या मानेशी फ्रॅक्चर, दोन तुकडे, सरकलेले. मी त्याला कोड लावणार एस ४२.२२१ए. 'एस' म्हणजे दुखापतीचं प्रकरण. मोटारसायकलवरून पडलेल्या पंचवीस वर्षांच्या पोराचं हाड तिथेच, तसंच मोडलं तर त्यालाही हाच कोड.

आता तिच्या औषधांच्या यादीत मला दिसतं की आठवड्यातून एकदा अ‍ॅलेंड्रोनेटची गोळी चालू आहे. ही गोळी हाडं ठिसूळ झालेल्यांना देतात. म्हणजे हिला ऑस्टिओपोरोसिस असणार. नियम सांगतो: ज्याला ऑस्टिओपोरोसिस आहे हे माहीत आहे, त्याचं हाड किरकोळ पडण्याने मोडलं, आणि तेवढ्या पडण्याने निरोगी हाड सहसा मोडलं नसतं, तर दुखापतीचा कोड लावायचाच नाही. तिथे एम ८० लावायचा, म्हणजे हाडाच्या आजारामुळे झालेला अस्थिभंग. हाड तेच, एक्स-रे तोच, पण प्रकरण बदललं. पहिल्या कोडमध्ये दोष गालिच्याचा, दुसऱ्यात हाडाचा.

मग लावू का एम ८०? नाही. गोळीवरून आजार ओळखायचा अधिकार मला नाही. हाडांच्या घनतेच्या तपासणीचा, म्हणजे डेक्साचा रिपोर्ट फाइलला जोडलेला असेल आणि त्यात टी-स्कोअर उणे २.५च्या खाली दिसत असेल, तरीही नाही. उणे २.५ किंवा त्याहून कमी म्हणजे ऑस्टिओपोरोसिस, ही जागतिक आरोग्य संघटनेची व्याख्या मला पाठ आहे. पण निदान डॉक्टरने लिहायचं असतं, मी नाही. मी फक्त त्याला प्रश्न पाठवू शकते. त्या प्रश्नाचीही शिस्त आहे. 'हे ऑस्टिओपोरोसिसमुळेच झालं ना?' असं विचारायचं नाही. फाइलमध्ये काय दिसतं ते मांडायचं आणि फ्रॅक्चरचं कारण आपल्या मते काय, असं मोकळं विचारायचं. साक्षीदाराच्या तोंडी उत्तर घालायचं नाही, तसंच. मला हा नियम फार आवडतो. घरात कुणी तो पाळत नाही, मीसुद्धा.

डॉक्टरने लिहून पाठवलं, 'वयोमानाने आलेला ऑस्टिओपोरोसिस, त्यामुळे फ्रॅक्चर', की मग एम ८०. इथे नवशिके हमखास अडकतात. बाई म्हणते खांदा मोडला, नर्सने लिहिलंय खांदा, आणि यादीत एम ८०.०१ म्हणजे खांदा असा कोड समोर दिसतोच. पण मोडलंय ते दंडाचं हाड, त्याचं वरचं टोक. नियम असा की या आजारात हाड सांध्यापाशी बाधित असलं तरी जागा हाडाची धरायची, सांध्याची नाही. म्हणून कोड एम ८०.०२, दंडाचं हाड. 'खांदा' उरतो तो गळ्याजवळच्या हाडाला आणि पाठीच्या फऱ्याला. आपल्या जीवशास्त्राच्या प्रयोगशाळेत सांगाड्याचा तक्ता होता, आणि सर छडी टेकवून एकेका हाडाचं नाव म्हणून घ्यायचे. सर, तो तक्ता माझ्या अजून कामाला येतो. (टाळ्या)

पुढचा आकडा बाजूचा, उजवीला १, डावीला २. आणि शेवटी एक अक्षर. उपचार चालू असताना 'ए'. उपचार संपून, हाड नीट जुळत असताना तपासणीला आली तर 'डी'. जुळायला उशीर होत असेल, जुळलंच नाही, वाकडं जुळलं, प्रत्येकाला वेगळं अक्षर. म्हणजे आपल्या बाईचा कोड झाला एम ८०.०२१ए. वर्षाने हाड पूर्ण जुळलं की एम ८० काढायचा. मग एम ८१, म्हणजे ऑस्टिओपोरोसिस आहे पण सध्या फ्रॅक्चर नाही, आणि जोडीला आणखी एक कोड, की पूर्वी या आजारामुळे हाड मोडलं होतं. हा जोडीचा कोड मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. एकदा असं हाड मोडलं की पुन्हा मोडण्याचा धोका जवळपास दुप्पट होतो. पुढच्या डॉक्टरला हे कुणीतरी सांगायला हवं ना.

आता तुम्ही म्हणाल, अमेरिकेतल्या बाईचं आम्हाला काय?

माझ्या सासूबाई चौसष्टाव्या वर्षी अंगणात घसरल्या, मनगट मोडलं. एकाहत्तराव्या वर्षी मोरीच्या उंबऱ्याला अडखळल्या, खांदा. शहात्तराव्या वर्षी खुबा. तीन वेळा, तीन वेगवेगळी रुग्णालयं. खुब्याच्या ऑपरेशनच्या वेळी विम्यासाठी मी सगळे कागद एकत्र केले आणि तिन्ही डिस्चार्ज कार्डं शेजारी शेजारी ठेवली. तिन्हींवर 'पडल्याने फ्रॅक्चर'. प्लास्टर उत्तम, झोळी उत्तम, ऑपरेशनही छान झालं. ऑस्टिओपोरोसिस हा शब्द एकाही कार्डावर नव्हता. बारा वर्षांत हाडांची तपासणी एकदाही नाही. घरात आम्ही सगळे फरशीला नावं ठेवत होतो. दोनदा फरशी बदललीसुद्धा!

ती तिन्ही कार्डं घेऊन मी फिजिशियनकडे गेले. त्यांनी एका मिनिटात ओळखलं, डेक्सा करायला सांगितली, आणि वर्षातून एकदा शिरेतून द्यायचं औषध सुरू झालं. रुग्णालयांवर माझा राग आहे, पण तो प्लास्टर घालणाऱ्यांवर नाही. समोर आलेलं हाड त्यांनी जोडलं. ते का मोडलं हे कुणी लिहिलं नाही, म्हणून पुढच्याने विचारलं नाही. आपल्याकडे आरोग्यविम्याच्या क्लेम फॉर्ममध्ये रुग्णालयाने भरायच्या भागात आयसीडी-१०चा रकाना असतो. तोही कार्डावर जे लिहिलंय त्यावरूनच भरतात. कार्डावर फरशी असेल तर रकान्यातही फरशीच येणार.

आपल्या वर्गातल्या मुलींची पाळी थांबून आता काही वर्षं झाली. मुलांनी खाली बघू नका, ही शास्त्राची गोष्ट आहे. इस्ट्रोजेन कमी झालं की हाडांची झीज वेगाने होते. पुरुषांची सावकाश होते, पण होतेच. पन्नाशीपुढच्या तीन बायकांमागे एकीचं आणि पाच पुरुषांमागे एकाचं हाड असं कधी ना कधी मोडतं. दम्यासाठी किंवा संधिवातासाठी स्टिरॉइडच्या गोळ्या बरेच दिवस घेतलेल्यांनी तर जास्तच लक्ष द्यावं.

म्हणून घरी गेल्यावर एक करा. आईचे, सासूबाईंचे, स्वतःचे जुने कागद काढा. पन्नाशीनंतर उभ्या उभ्या पडून मनगट, खांदा, मणका किंवा खुबा मोडलेला असेल, तर तो कागद घेऊन डॉक्टरांकडे जा आणि मोकळा प्रश्न विचारा: हे हाड एवढ्याशा पडण्याने का मोडलं? उत्तर कार्डावर लिहून मागा. लाजू नका, मी अमेरिकेतल्या डॉक्टरांना दिवसातून चार वेळा विचारते.

पंगत मांडलेली दिसते आहे. प्रश्न असतील तर जेवताना विचारा. मोबाइलवरचे रिपोर्ट मात्र मला दाखवू नका, मी निदान करत नाही. आपल्या वर्गातले दोन्ही डॉक्टर तिसऱ्या रांगेत बसले आहेत.