झेरॉक्सवर काम लिहा

(मोहर्ली येथील युवा शिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



सकाळी गेटवर तुम्ही पाहिलंच असेल. सफारीला आलेले लोक मूळ ओळखपत्र हातात धरून उभे असतात. बुकिंगला दिलेलं आणि हातातलं जुळलं की जिप्सी आत जाते. पण त्याआधी त्या ओळखपत्राचा फोटो किती मोबाइलांतून फिरून आला, हे कुणी विचारत नाही. तुमच्यापैकी काही जण होमस्टेची, जिप्सीची, बुकिंगची कामं करतात. तुमच्या व्हॉट्सअ‍ॅपमध्ये आज किती अनोळखी लोकांचे आधार पडून आहेत, जरा मोजून बघा.

हा विषय मी घेतला तो माझ्या खालामुळे. आपल्या नावावर किती मोबाइल नंबर चालू आहेत, ते संचार साथी या सरकारी संकेतस्थळावर दिसतं. एका रात्री सहज तिचं पाहिलं, तर तीन! खाला एकच फोन वापरते, आणि तोही उचलत नाही. बाकीचे दोन आपले नाहीत असं तिथंच नोंदवलं. पण तिच्या आधारची प्रत निसटली कुठून? मीच ती गॅस, रेशन, बँक, भाचीची शिष्यवृत्ती अशी दहा ठिकाणी दिली होती. सगळ्या प्रती सारख्या. कुणावर बोट ठेवणार?

आपले जुने लोक झेरॉक्सवर दोन तिरप्या रेघा मारून ‘फक्त अमुक कामासाठी’ असं लिहून सही करायचे. वॉटरमार्क म्हणजे तेच, फक्त पडद्यावर. इथल्या जंगलातले कॅमेरा ट्रॅप आठवा. हजारो फोटो निघतात आणि प्रत्येकावर तारीख-वेळ आपोआप उमटते. उलट वाघाच्या फोटोच्या कोपऱ्यात कुणी आपलं नाव टाकलं, तर ते कापून दुसरा कुणी तोच फोटो फिरवतो. तेव्हा शिक्का कोपऱ्यात नको, आडवा-तिरपा मधून जाऊ द्या. फिकट ठेवा, चेहरा आणि अक्षरं वाचता आली पाहिजेत. आणि त्यावर आपल्या मंडळाचं नाव मिरवायचं नाही. कुणाला दिली, कशासाठी, कोणत्या तारखेला, एवढंच लिहायचं.

आता पन्नास मुलांचे दाखले एकदम आले तर? फुकट वॉटरमार्क लावून देणाऱ्या साइटवर ते चढवू नका. ज्याची भीती, त्याच्याच हातात कागद दिल्यासारखं होतं. लिब्रेऑफिस आणि पीडीएफटीके ही दोन्ही मोफत आहेत आणि इंटरनेटशिवाय चालतात. पहिल्यात यादीवरून मेल मर्ज करून प्रत्येकासाठी एक पान तयार करा, त्यावर फक्त तिरपा मजकूर. दुसऱ्यातला ‘स्टँप’ हा आदेश ते पान कागदावर बसवतो. त्यातच ‘बॅकग्राउंड’ असाही आदेश आहे, तो शिक्का खाली घालतो. स्कॅन केलेलं पान म्हणजे अख्खं चित्र, त्याच्याखाली शिक्का दिसतच नाही. माझी एक संध्याकाळ यात गेली. फाइलींना आणि यादीला 01, 02, 03 असे एकच क्रमांक द्या, नाहीतर बहिणीच्या दाखल्यावर भावाचं नाव येतं. तेही माझ्याकडून झालंय. मजकूर मराठीत असेल तर लिब्रेऑफिसमध्येच लिहा. काही साधनं जोडाक्षरं मोडतात आणि मोहर्लीचा रफार भलतीकडेच जाऊन बसतो.

नुसता वर ठेवलेला शिक्का पीडीएफ संपादकातून उचलून काढता येतो. म्हणून शेवटी पानाचं चित्र करून पुन्हा पीडीएफ बनवा. तरीही हे कुलूप नव्हे. मेहनत घेणारा पुसेलच. पण ढिगातली एखादी प्रत उचलून चालवणाऱ्याला ती तशीच वापरता येणार नाही, आणि प्रत बाहेर दिसली तर कुठून गेली हे कळेल.

मूळ फाइलीला हात लावायचा नाही, हे विसरू नका. ई-आधार किंवा सातबारा डिजिटल सहीचा असेल, तर त्यावर काहीही उमटवलं की सही अवैध दाखवते. सरकारी पोर्टलला कोरी प्रत हवी असेल तर कोरीच द्या. शिक्का लागतो तो गटागटांतून फिरणाऱ्या प्रतीला.

27 मे 2022 रोजी आधार प्राधिकरणाच्या बंगळुरू कार्यालयाने आधारची झेरॉक्स कुणालाही देऊ नका, असं सांगितलं होतं. गोंधळ उडाला आणि 29 मेला ते पत्रक मागे घेतलं गेलं. पण त्यात सुचवलेलं मास्क्ड आधार आजही मिळतं. त्यात पहिले आठ आकडे झाकलेले आणि शेवटचे चार दिसतात. जिथं ते चालतं, तिथं आधी तेच द्या आणि वर शिक्का मारा.

लोक आपल्याकडे कागद देतात ते अमानत म्हणून. जेवणानंतर लॅपटॉप घेऊन मागच्या खोलीत बसू. तोवर फोनमधले जुन्या पाहुण्यांचे आधार पुसून या. ज्यांची सफारी होऊन गेली, त्यांच्या ओळखपत्रांचं तुमच्याकडे आता काही काम नाही.